कांबळ्यामागचं कुंपण

एक जुना फोटो आहे, नोव्हेंबर 1894 मधला. कॅनडाचा पश्चिम किनारा, व्हँकुव्हर बेटाच्या उत्तर टोकाजवळचं फोर्ट रुपर्ट हे गाव. मधोमध एक बाई जमिनीवर बसली आहे. हाताने ती सीडर झाडाच्या सालीचा धागा वळते आहे आणि पायाच्या अंगठ्याला बांधलेल्या दोरीने बाळाचा पाळणा हलवते आहे. आपल्याकडच्या कितीतरी आज्यांनी भाजी निवडता निवडता असाच पाळणा हलवला असेल. पण फोटोतली खरी गंमत त्या बाईच्या मागे आहे. दोन पुरुष एक मोठं कांबळं दोन टोकांना धरून, पडद्यासारखं ताणून उभे आहेत. त्यांतला एक मानववंशशास्त्रज्ञ फ्रान्झ बोआस, दुसरा त्याचा तिथला सहकारी जॉर्ज हंट. आणि कांबळ्याच्या कडेपलीकडे दिसतं पांढऱ्या फळ्यांचं कुंपण. गोऱ्यांच्या वस्तीत असतं तसं, सुबक आणि सरळ.

कांबळं धरलं होतं ते हे कुंपण झाकायला. असे फोटो संग्रहालयातल्या पुतळ्यांसाठी नमुना म्हणून काढले जात. प्रेक्षकाला बाई दिसणार होती, तिचा धागा दिसणार होता, पाळणा दिसणार होता. कुंपण दिसणार नव्हतं, आणि कांबळं धरणारे हातही नव्हते. फोटोग्राफर थोडा मागे सरकून उभा राहिला म्हणून हे सगळं आपल्याला दिसतं.

मला हा फोटो म्हणजे संग्रहालयांच्या इतिहासातलं एक मोठं दालनच वाटतं. युरोपातून आलेल्यांनी ज्यांच्या जमिनी घेतल्या, त्यांच्याबद्दलची प्रदर्शनं जवळजवळ शतकभर अशीच घडली. माणसं दाखवायची, त्यांच्या वस्तू दाखवायच्या आणि त्यांच्यावर जे ओढवलं ते पडद्यामागे ठेवायचं. पण याच किनाऱ्यावरची पुढची गोष्ट याहून विलक्षण आहे. इथले तेच मुखवटे वेगवेगळ्या लोकांनी वेगवेगळ्या जागी मांडले. लाकूड तेच, रंग तोच, पण मांडणी बदलली की ते मुखवटे काहीतरी निराळंच सांगू लागले.

आधी या लोकांची ओळख. ते स्वतःला क्वाक्वाकावाक्व म्हणवतात, म्हणजे क्वाकवाला भाषा बोलणारे. जुन्या पुस्तकांत त्यांना सरसकट क्वाकिउटल म्हटलेलं सापडतं. समुद्र, खाड्या, आभाळाला टेकणारे सीडर आणि नद्यांत चढून येणारा सामन मासा हे त्यांचं जग. या अन्नाच्या सुबत्तेमुळे शेती न करताही त्यांच्याकडे मोठी लाकडी घरं, मानाची घराणी आणि हिवाळाभर चालणारे समारंभ उभे राहिले. त्या समारंभांच्या केंद्रस्थानी पॉटलॅच. हा शब्द किनाऱ्यावरच्या व्यापारी बोलीतला आणि त्याचा अर्थ ‘देणं’.

पॉटलॅच म्हणजे काय हे समजायला मराठी माणसाला फार लांब जावं लागत नाही. लग्न, बारसं, वारसाने नाव घेणं, कुणाच्या मृत्यूनंतरचा शोक, असा प्रसंग असला की यजमान घराणं दूरदूरच्या गावांना आवतण द्यायचं. घराण्याची गाणी, नाच, मुखवटे त्या घराण्याच्या मालकीचे. आपल्या जत्रेत पालखीला पहिला खांदा कुणाचा, पहिला नारळ कुणाचा हे जसं मानकऱ्यांचं ठरलेलं असतं, तसा अमुक नाच नाचण्याचा हक्क अमुकच घराण्याचा. आता हा हक्क लिहून कुठे ठेवायचा? भाषेला लिपी नव्हती. मग आलेले पाहुणे हेच दप्तर. ते बघायचे, ऐकायचे, लक्षात ठेवायचे आणि साक्ष दिल्याबद्दल यजमान त्यांना भेटी द्यायचा. आपल्याकडे पाहुणा आहेर आणतो आणि यजमान परतीचा आहेर करतो. इथे सगळा समारंभच परतीच्या आहेराचा. जो जास्त देईल तो मोठा. साठवून ठेवणारा नव्हे.

आणि मुखवटे! हामात्सा नावाच्या नाचात उच्च घराण्यातला एक तरुण रानात नाहीसा होतो. जगाच्या उत्तर टोकाला राहणाऱ्या नरभक्षक आत्म्याने त्याला नेलेलं असतं. तो परततो तेव्हा माणसात नसतो. मग गाण्यांनी आणि नाचांनी सगळं गाव त्याला हळूहळू पुन्हा माणसात आणतं. त्या आत्म्याचे साथीदार असलेले राक्षसी पक्षी शेकोटीच्या उजेडात नाचतात. त्यांतल्या एकाची चोच नाचणाऱ्याच्या हाताहूनही लांब, आणि दोरी ओढली की ती खाडकन मिटते. लाकडावर लाकूड आपटल्याचा तो आवाज अंधाऱ्या घरात कसा घुमत असेल! आणखी एक जात आहे रूप पालटणाऱ्या मुखवट्यांची. बाहेरून पक्षी किंवा प्राणी. नाचता नाचता दोऱ्या ओढल्या की मुखवटा उभा उकलतो, दोन्ही बाजूंना पाकळ्यांसारखा पसरतो आणि आतून माणसाचा चेहरा प्रकट होतो. बिजागऱ्या, दोऱ्या, लाकूड, बस्स. ज्याने जव्हार-मोखाड्याकडचा बोहाडा पाहिला आहे त्याला हे चटकन कळेल. संबळ वाजत असते, सोंग नाचत पुढे येतं, आणि त्या क्षणी तो कागदाच्या लगद्याचा मुखवटा राहत नाही. तेच सोंग दुसऱ्या दिवशी खुंटीला टांगलेलं पाहावं. वस्तू तीच असते, पण तिच्यातून काहीतरी निघून गेलेलं असतं. संग्रहालयांनी मुखवट्यांना नेमकं हेच केलं.

पॉटलॅच कॅनडाच्या सरकारला खुपायचा. मिशनऱ्यांना त्यात पाखंड दिसे, अधिकाऱ्यांना उधळपट्टी. कमावलेलं सगळं वाटून टाकणारी माणसं ‘सुधारणार’ कशी, असा त्यांचा प्रश्न होता. 1884 मध्ये आदिवासींविषयीच्या कायद्यात दुरुस्ती झाली आणि 1 जानेवारी 1885 पासून पॉटलॅच हा गुन्हा ठरला. तो करणाऱ्याला, त्यात मदत करणाऱ्याला दोन ते सहा महिने कैद. ही बंदी 1951 पर्यंत, म्हणजे 66 वर्षं कायद्याच्या पुस्तकात राहिली.

आता यातला अचंबा पाहा. 1893 साली शिकागोला जागतिक मेळा भरला. कोलंबस अमेरिकेत पोचल्याला 400 वर्षं झाल्याचा तो उत्सव. आपल्याला हा मेळा स्वामी विवेकानंदांमुळे माहीत आहे. त्याच मेळ्याच्या निमित्ताने भरलेल्या सर्वधर्म परिषदेत त्या सप्टेंबरमध्ये त्यांचं भाषण झालं. त्याच उन्हाळ्यात, शहराच्या दक्षिणेला जॅक्सन पार्कमधल्या एका तळ्याकाठी, लाकडी घर उभारून क्वाक्वाकावाक्व स्त्री-पुरुषांचा एक लहान गट महिनोन्महिने राहत होता. जॉर्ज हंटने त्यांना आणलं होतं आणि मानववंशशास्त्र विभागात काम करणाऱ्या बोआसने बोलावलं होतं. ती माणसंच प्रदर्शन होती. रोज हजारो लोक येत, त्यांना राहताना, कोरीवकाम करताना, नाचताना बघत.

म्हणजे जो नाच घरी नाचला तर तुरुंग, तोच नाच शिकागोत तिकीट काढून आलेल्यांसमोर शास्त्र म्हणून. आणि या माणसांनी तिथे काय केलं? ऑगस्टमध्ये त्यांनी हामात्सा परंपरेतले सगळ्यांत उग्र प्रयोग करून दाखवले. कातडीला छेद, दंशाचे देखावे. प्रेक्षक हादरले, मिशनरी संतापले, आणि आपल्याकडचे आदिवासी कसे शिकूनसवरून शहाणे झाले हे त्याच मेळ्यात दाखवू पाहणारे कॅनडाचे अधिकारी ओशाळले. तमाशा म्हणून बसवलेल्या माणसांनी तो तमाशा आपल्या हाती घेतला होता. सगळ्या जगासमोर ते सांगत होते की आम्ही संपलेलो नाही. निदान मला तरी त्यांचं ते धाडस असंच वाचावंसं वाटतं.

बोआसला खलनायक करून मोकळं होणं सोपं आहे, पण ते खरं नाही. त्याच्या आधी अमेरिकेतल्या मोठ्या संग्रहालयात वस्तू प्रकाराप्रमाणे लावत. सगळ्या जमातींची खुळखुळी एका कपाटात, सगळे बाण दुसऱ्यात, साध्याकडून गुंतागुंतीच्याकडे, म्हणजे माणूस रानटीपणातून सुधारणेकडे कसा चढला ते दिसावं. 1887 मध्ये तरुण बोआसने यावर जाहीर आक्षेप घेतला. खुळखुळं कशासाठी वाजवलं हे कळल्याशिवाय खुळखुळ्याला अर्थ नाही, म्हणून एका लोकसमूहाच्या वस्तू एकत्र ठेवा, असं त्याचं म्हणणं. त्या काळात हे मोठंच पाऊल होतं. पॉटलॅचवरच्या बंदीविरुद्धही त्याने लिहिलं. त्याचं प्रेम खोटं नव्हतं. वॉशिंग्टनच्या संग्रहालयासाठी हामात्साचा पुतळा करायचा तेव्हा नाचणाऱ्याची ठेवण मूर्तिकारांना कळावी म्हणून त्याने स्वतः गुडघे वाकवून, तोंड वासून, हात पसरून फोटो काढून घेतले. ते फोटो आजही आहेत. काचेमागचा ‘रानटी’ आत्मा म्हणून लोकांनी ज्याला भीतभीत पाहिलं, त्याच्या अंगात मुळात एक जर्मन शास्त्रज्ञ होता!

पण कांबळं त्यानेच धरलं होतं. गोऱ्यांची सावली पडण्याआधीचा शुद्ध माणूस त्याला दाखवायचा होता, त्यामुळे सावली पुसावी लागली. 1862 मध्ये देवीच्या साथीने या किनाऱ्यावरची गावंच्या गावं ओस पडली होती. मासळी डबाबंद करण्याचे कारखाने आले होते आणि नाच आवडीने पाहणारेच कायद्याने नाच बंद करत होते. यातलं काही त्या दालनांत आलं नाही. 1899 मध्ये न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरीत बोआसच्या देखरेखीखाली या किनाऱ्याचं भव्य दालन उघडलं. पुढच्याच वर्षी इकडे जॉर्ज हंटवर हामात्सा समारंभात भाग घेतल्याचा खटला भरला गेला. तो सुटला, पण दोन घटना शेजारी ठेवून बघाव्यात अशा आहेत.

मुंबईच्या राणीच्या बागेशेजारी भाऊ दाजी लाड संग्रहालय आहे. 1872 मध्ये ते उघडलं तेव्हा त्याचं नाव व्हिक्टोरिया आणि आल्बर्ट संग्रहालय होतं. तिथे मुंबईतल्या जातीजमातींचे मातीचे छोटे छोटे पुतळे कपाटांत ओळीने उभे आहेत. प्रत्येकाचा पेहराव, प्रत्येकाची पगडी निराळी. कारागिरी इतकी देखणी की पाय निघत नाही. तरी प्रत्येक माणूस तिथे एक ‘नमुना’ आहे. त्याला नाव नाही, गाव नाही, त्याच्यावर त्या वर्षी काय गुदरलं होतं ते नाही. कांबळं धरण्याची ही रीत तेव्हा अर्ध्या जगात चालत होती.

आता 1921 चा नाताळ. डॅन क्रॅन्मर नावाच्या मानकऱ्याने पॉटलॅच घातला. बंदीला तेव्हा 36 वर्षं होऊन गेली होती आणि समारंभ चोरून चालत. हिवाळी वादळांत अधिकाऱ्याची बोट पोचणार नाही अशी आडवळणाची गावं निवडत. नाताळाच्या भेटी म्हणून आहेर वाटत. क्रॅन्मरचा पॉटलॅच व्हिलेज आयलंड या छोट्या बेटावर सहा दिवस चालला. होड्या, इंजिनाच्या बोटी, पिठाची पोती, शिवणयंत्रं, ग्रामोफोन, बिलियर्डची टेबलं, बांगड्या, कांबळी. या किनाऱ्यावरच्या नोंदलेल्या पॉटलॅचांपैकी हा सर्वांत मोठा मानला जातो. आहेराची यादी वाचली की एक गोष्ट आपोआप कळते. हे लोक कांबळ्याच्या अलीकडे थिजून बसलेले नव्हते. नवं यंत्र आलं, त्यांनी ते जुन्या रीतीत बसवून घेतलं.

बातमी फुटली. अलर्ट बे या गावी सरकारचा प्रतिनिधी होता विल्यम हॅलिडे. 45 जणांवर खटले झाले. गुन्हे कोणते? भाषण करणं, नाचणं, आहेर मांडून ठेवणं, आहेर उचलून पाहुण्यापर्यंत नेणं. 1918 च्या दुरुस्तीनंतर असे खटले सरकारी प्रतिनिधीसमोरच चालवता येत, त्यामुळे न्यायासनावर बसला हॅलिडेच. मग एक सौदा पुढे ठेवला गेला. गावाने मिळून आपले सगळे मुखवटे, खुळखुळे, समारंभाची सगळी सामग्री सरकारजमा केली तर शिक्षा स्थगित. ज्यांनी हे मानलं नाही त्यांच्यापैकी वीसेक स्त्री-पुरुष व्हँकुव्हरजवळच्या ओकॅला तुरुंगात दोन-तीन महिने खितपत पडले.

मुखवटे जमा झाले, शेकडो. त्यांच्याबरोबर तांब्याचे ते ढालीच्या आकाराचे पत्रेही गेले, ज्यांना स्वतःची नावं असतात आणि प्रत्येक हस्तांतराबरोबर ज्यांची किंमत चढत जाते. मुखवट्यांसाठी तुटपुंजी भरपाई ठरली, तांब्यांसाठी काहीच नाही. एखाद्या गावातून ग्रामदैवताचे टाक, वतनाच्या सनदा आणि सावकाराची चोपडी एकाच दिवशी उचलून न्यावी, तसं झालं ते.

आणि मग हॅलिडेने प्रदर्शन भरवलं. हो, प्रदर्शनच! अलर्ट बेच्या चर्चच्या सभागृहात बाकांवर सगळे मुखवटे ओळीने मांडून, लोकांना बोलावून, तिकीट लावून. त्याचे फोटो उपलब्ध आहेत. एकावर एक चढत्या ओळींत शेकोटीविना, गाण्याविना बसलेले ते चेहरे. लांब चोचींचे पक्षी, रानातली राक्षसीण, खुळखुळे, सगळे एका गठ्ठ्यात. पोलिसांनी छापा घालून माल जप्त केल्यावर टेबलावर मांडून फोटो काढतात ना, अगदी तशी मांडणी. कुणाचा मुखवटा कुठला, कुठल्या नाचात कुणाच्या आधी येतो, याचा मागमूस नाही. ज्यांचे होते ते त्याच गावात राहत होते.

न्यूयॉर्कचा संग्राहक जॉर्ज हाय तिथे आला आणि त्याने त्यातले काही नग विकत घेतले. माल अमेरिकेला विकला म्हणून हॅलिडेला वरून बोलणी बसली. मुळात तो का घेतला म्हणून कोणी काही बोललं नाही. उरलेला संग्रह ओटावाच्या राष्ट्रीय संग्रहालयात गेला, तिथून काही भाग टोरांटोला. आदिवासी खात्याचा सर्वोच्च अधिकारी तेव्हा डंकन कॅम्पबेल स्कॉट होता. कॅनडाच्या साहित्यात तो नावाजलेला कवी आहे, आणि आदिवासींवर त्याने करुण कविताही लिहिल्या. आदिवासी मुलांना सक्तीने निवासी शाळांत धाडणारा कारभारही त्याच्याच खात्याचा. एकाच माणसाच्या दोन हातांनी ही दोन कामं केली, हे मी पुन्हा पुन्हा वाचलं आहे आणि अजून पचलेलं नाही.

काचेमागे मुखवटे पन्नासेक वर्षं राहिले. शाळेच्या सहली येऊन गेल्या असतील, चित्रकारांनी रेखाटनं केली असतील. कला म्हणून त्यांचा दबदबा वाढत गेला. ते तिथे कसे पोचले, हे मात्र काचेवर लिहिलेलं नव्हतं.

पण गाव विसरलं नव्हतं. लिपी नव्हती म्हणून स्मरणशक्ती तल्लख ठेवण्याची या लोकांची सवय इथे कामी आली. कुठला मुखवटा कुठल्या घराचा हे म्हाताऱ्यांना ठाऊक होतं. 1951 ला कायद्यातून बंदीचं कलम गळालं. मुंगो मार्टिन या थोर कोरीवकाराने 1953 मध्ये व्हिक्टोरिया शहरात उघडपणे पॉटलॅच घातला. मग मागण्या, पत्रं, बैठका. शेवटी ओटावाचं संग्रहालय राजी झालं, पण एका अटीवर. वस्तू ठेवायला तुम्ही संग्रहालय बांधा. म्हणजे चोरी झालेल्याने आधी तिजोरी घ्यावी, मग ऐवज मिळेल. लोकांनी एक सोडून दोन बांधली. मूळ मालकांचे वंशज दोन ठिकाणी विखुरले होते, म्हणून 1979 मध्ये केप मज इथे एक आणि 1 नोव्हेंबर 1980 ला अलर्ट बे इथे दुसरं.

अलर्ट बेच्या केंद्राचं नाव उमिस्ता. जुन्या काळी दुसऱ्या टोळ्यांनी हल्ला करून माणसं पळवून नेली, आणि ती खंडणी देऊन किंवा उलट चाल करून परत आणली, की त्यांना उमिस्ता लाभला असं म्हणत. काहीतरी मोलाचं परतणं. वस्तूंसाठी हा शब्द वापरला यातच सगळं आलं. ते मुखवटे हरवलेली मालमत्ता नव्हते. धरून नेलेले आप्त होते.

केंद्राची पहिली धुरा ग्लोरिया क्रॅन्मर वेबस्टर यांच्याकडे होती. त्या स्वतः मानववंशशास्त्र शिकलेल्या, मोठ्या विद्यापीठाच्या संग्रहालयात काम केलेल्या. आणि त्या डॅन क्रॅन्मरच्या कन्या. वडिलांच्या पॉटलॅचमुळे जप्त झालेल्या मुखवट्यांचं प्रदर्शन लेकीने मांडायचं होतं! त्यांनी आणि गावाने जे केलं ते मला संग्रहालयशास्त्रातलं एक आश्चर्य वाटतं.

पहिली गोष्ट, काचा नाहीत. इतकी वर्षं परक्या ठिकाणी कोंडून ठेवलेल्यांना पुन्हा कोंडायचं नाही, असं ठरलं. दालन मोठ्या घरासारखं, सीडरच्या भरभक्कम खांबांचं, आणि मुखवटे मोकळ्यावर. तुमच्या आणि त्या लांब चोचीच्या मधे फक्त हवा.

दुसरी गोष्ट क्रमाची. प्रकाराप्रमाणे नाही, वयाप्रमाणे नाही, देखणेपणाप्रमाणेही नाही. पॉटलॅचमध्ये ज्या क्रमाने ते येतात त्या क्रमाने. आधी तांबे. मग लाल रंगवलेल्या सालीच्या माळांचे, हामात्साचे गंभीर समारंभ. शेवटी शांतीचे नाच. आपण दालनातून चालतो म्हणजे नकळत एका रात्रीतून चालतो. हॅलिडेच्या बाकांवर जी वाक्यं विस्कटून नुसते शब्द झाली होती, ती पुन्हा जुळली.

आणि तिसरी गोष्ट, ज्यासाठी मी हा लेख लिहायला बसलो. भिंतींवरचा मजकूर. संग्रहालयात पाटीचं काम असतं ‘त्यांना’ समजावून सांगणं. हे अमुक लोक, यांच्या अशा श्रद्धा, या मुखवट्याचा असा उपयोग. उमिस्तात मुखवट्यांशेजारी जो मजकूर लागला तो मुखवट्यांचा अर्थ उलगडत बसत नाही. ती आहेत सरकारी पत्रं, बंदीसाठीचे अर्ज, ती उठवण्याच्या विनंत्या, अधिकाऱ्यांचे अहवाल, आणि म्हाताऱ्यांनी सांगितलेल्या त्या दिवसांच्या आठवणी. मुखवटे स्वतःविषयी काही बोलत नाहीत. त्यांचा अर्थ ज्यांना कळायचा त्यांना कळतो, आणि तो हक्क घराण्याचा आहे. समजावून सांगावा लागतो तो हॅलिडे. कुठल्या समजुतीतून एखादा माणूस नाचाला गुन्हा ठरवतो? कुठल्या भाषेत तो वरिष्ठांना कळवतो की माल ताब्यात आला? जिज्ञासेने निरखण्याजोगी चमत्कारिक जमात इथे वसाहतीच्या कारकुनांची आहे, आणि त्यांचे नमुने त्यांच्याच अक्षरांत भिंतीवर लागले आहेत. ज्यांच्या अंगावर तीन पिढ्या दिवा रोखला गेला, त्यांनी दिव्याचं तोंड फिरवलं. कुठे आरडाओरड नाही, विशेषणं नाहीत. फक्त पत्रं वाचायला ठेवली.

या मांडणीत बघणाऱ्याचं काय होतं, यावर मी बराच विचार केला. पॉटलॅचमध्ये प्रेक्षक अशी जातच नसते, असतो तो साक्षीदार. पाहिलं त्याचा अर्थ लक्षात ठेवण्याची जबाबदारी आली. काच नाही, क्रम पॉटलॅचचा, आणि समोर खटल्याची कागदपत्रं. अशा दालनात तुम्ही तिकीट काढून शिरलात तरी बाहेर पडताना तुमच्या हाती साक्ष असते.

केंद्राच्या अगदी शेजारी, 2015 पर्यंत, विटांची एक चारमजली इमारत उभी होती. सेंट मायकेल्स निवासी शाळा, 1929 मध्ये बांधलेली. आपली भाषा बोलली म्हणून मार खाल्लेली मुलं तिथे वाढली. मुखवट्यांचं दालन आणि ही शाळा एकमेकांच्या सावलीत. कुठल्याही संग्रहालयाने मुद्दाम योजूनही इतकं बोलकं दृश्य उभं केलं नसतं. 2015 च्या फेब्रुवारीत शाळेतून वाचलेली माणसं आणि त्यांची कुटुंबं गोळा झाली आणि इमारत पाडायला सुरुवात झाली.

मोठ्या शहरांतली दालनं याहून सावकाश बदलली. बोआसचं न्यूयॉर्कमधलं दालन पाच वर्षांच्या कामानंतर मे 2022 मध्ये नव्याने उघडलं. या वेळी किनाऱ्यावरच्या नू-चा-नुल्थ लोकांतले हा-युप्स हे सह-मांडणीकार होते, आणि निरनिराळ्या राष्ट्रांच्या जाणत्यांना बरोबर घेऊन काम झालं. तरीही हा-युप्स यांनी उघडपणे सांगितलं की या वस्तू आमच्या घरीच परत जायला हव्यात. दालन मांडणारा माणूसच दालन रिकामं व्हावं म्हणतो, आणि संग्रहालय त्याला मांडू देतं. हे अवघडलेपण मला खरं वाटतं, आणि 1899 च्या देखण्या शांततेपेक्षा पुष्कळ बरं.

उमिस्तातली पोकळीही हळूहळू भरत गेली. टोरांटोचा वाटा 1988 मध्ये आला. हायने नेलेल्यांपैकी काही पुढे अमेरिकेतून आले. लंडनच्या ब्रिटिश म्युझियमकडे एक रूप पालटणारा मुखवटा होता. त्या संग्रहालयाला संग्रहातली वस्तू देऊन टाकायला कायद्याने जवळजवळ मनाई आहे, म्हणून 2005 मध्ये तो दीर्घ मुदतीच्या उसनवारीवर अलर्ट बेला आला. स्वतःच्या घरी पाहुणा म्हणून, सहीशिक्क्यानिशी.

आणि त्याआधी दोन वर्षं, 2003 मध्ये, पॅरिसहून एक शिरोभूषण आलं. कवी आंद्रे ब्रेतॉनच्या संग्रहात ते होतं. कवी 1966 मध्येच वारला होता. ते कुठून जप्त झालं हे कळल्यावर त्याच्या मुलीने, ओबने, कुठल्याही कायद्याची जबरदस्ती नसताना ते परत केलं. हे शिरोभूषण शांतीच्या नाचाचं, म्हणजे क्रमात सर्वांत शेवटी येणारं. कपाळावर कोरलेला चेहरा आणि डोक्याभोवती समुद्रसिंहाच्या ताठ मिशांचं कुंपण असं त्याचं रूप असतं. नाचण्यापूर्वी त्या मिशांच्या आत गरुडाची मऊ पिसं भरतात. नाचणारा मान झटकतो, पिसं उडतात, शेकोटीच्या उबेने वर चढतात आणि मग सावकाश, बर्फासारखी, बसलेल्या सगळ्यांच्या अंगाखांद्यांवर उतरत राहतात.